ॲबरव्हॅनचा सात नंबरचा ढिगारा: झऱ्यावर टाकलेली खाणमाती आणि तिच्याखाली गेलेली शाळा

दक्षिण वेल्समध्ये टॅफ नदीच्या अरुंद खोऱ्यात, मर्थर टिडव्हिलपासून साधारण ६ किलोमीटर दक्षिणेला ॲबरव्हॅन हे लहान गाव आहे. २१ ऑक्टोबर १९६६ रोजी सकाळी सव्वानऊ वाजता गावावरच्या उतारावरून खाणीच्या टाकाऊ मालाचा ढिगारा घसरला. त्याने पान्टग्लास प्राथमिक शाळा आणि शेजारची घरं गाडली. १४४ माणसं गेली. त्यातली ११६ मुलं होती, बहुतेक ७ ते १० वर्षांची. त्या दिवशी मूळ डोंगर जागचा हलला नव्हता. जे खाली आलं ते सगळं माणसांनी डब्यांतून वर नेऊन टाकलेलं होतं, आणि ज्या जागी टाकलं ती जागा चुकीची आहे हे नकाशावर दिसत होतं. म्हणूनच खाणीशेजारी राहणाऱ्या कुठल्याही गावाने हे प्रकरण तपशिलात वाचायला हवं.

खोरं, खाण आणि कचऱ्याची जागा

मर्थर व्हेल खाणीचं काम १८६९ मध्ये सुरू झालं. गाव त्या खाणीमुळेच वाढलं. खाण १९८९ मध्ये बंद झाली. अशा खोऱ्यात सपाट जमीन फार थोडी असते. तळाशी नदी, कालवा, रेल्वे आणि घरांच्या रांगा, आणि दोन्ही बाजूंना चढ. कोळशाबरोबर निघणारा दगड, माती आणि कोळसा धुतल्यावर उरणारा बारीक गाळ टाकायला तळाशी जागा उरत नाही, मग तो वर जातो. ॲबरव्हॅनमध्ये पहिल्या महायुद्धाच्या काळापासून तो मर्थर डोंगराच्या उतारावर, थेट गावाच्या डोक्यावर जाऊ लागला. रुळांवरून डबे वर ओढायचे आणि तिथे ओतायचे. एक जागा भरली की दुसरी. असे सात ढिगारे झाले.

या सातांचा इतिहासच पुरेसा बोलका आहे. चौथा ढिगारा १९४४ मध्ये घसरला. पाचव्याच्या पायथ्याशी फुगवटा आला म्हणून तो थांबवावा लागला. सहावा शेजारच्या शेतकऱ्याच्या जमिनीत शिरू लागला, त्याने तक्रार केली, म्हणून तो बंद झाला. मग १९५८ च्या ईस्टरच्या सुमाराला सातवा सुरू झाला.

सातव्याची जागा ठरवताना खाणीचा व्यवस्थापक आणि यांत्रिकी अभियंता डोंगरावर चालत गेले आणि नजरेने जागा पसंत केली. मोजणी झाली नाही, बोअर घेतला नाही, नकाशा काढून पाहिला नाही, स्थापत्य अभियंत्याला विचारलं नाही. ब्रिटिश सर्वेक्षण खात्याच्या साध्या नकाशावर त्या उतारावरचे झरे आणि ओहोळ दाखवलेले होते. गावातली माणसं लहानपणापासून त्या पाण्यात खेळलेली होती. ढिगारा त्या झऱ्यांवर उभा राहिला, आणि त्याचा काही भाग १९४४ मध्ये घसरून आलेल्या मालावर.

जागेच्या निवडीमागे जबाबदारीची एक वाटणी होती आणि आमच्या मते या प्रकरणाचं मूळ तिथे आहे. राष्ट्रीय कोळसा मंडळात, म्हणजे खाणी चालवणाऱ्या सरकारी संस्थेत, ढिगारा हा यांत्रिकी विभागाचा विषय मानला जायचा, कारण तिथे रूळ, दोर आणि क्रेन असत. माल वर पोचवण्याची यंत्रणा म्हणून त्याच्याकडे पाहिलं गेलं. तो एक मातीचा बांध आहे, त्याला पाया लागतो, निचरा लागतो, हे पाहणं कुणाच्याच कामात लिहिलेलं नव्हतं. खाणीच्या आत छताला कुठे आधार द्यायचा याचे बारीकसारीक नियम होते. बाहेरच्या ढिगाऱ्याच्या स्थिरतेबद्दल कायद्यात एकही कलम नव्हतं.

ढिगारा का वाहिला

१९६६ पर्यंत सातवा ढिगारा १११ फूट, म्हणजे ३४ मीटर उंच झाला होता. त्यात सुमारे २ लाख २७ हजार घनमीटर माल होता. मधली काही वर्षं त्यावर कोळसा धुण्याच्या प्रक्रियेतला अतिशय बारीक, ओला गाळही टाकला गेला.

खालची जमीन समजून घेतली पाहिजे. या डोंगरात भेगाळलेला वालुकाश्म आहे. पाऊस त्यात मुरतो आणि भेगांतून खाली सरकतो. त्यावर हिमनद्यांनी सोडलेल्या दगड-चिकणमातीचा थर आहे, जो पाणी सहज बाहेर सोडत नाही. जिथे हा थर पातळ किंवा तुटलेला, तिथे झरा फुटतो. झऱ्याच्या तोंडावर ढिगारा टाकला की झरा बंद पडत नाही, पाणी ढिगाऱ्याच्या बुडात शिरतं. वरून माल कोरडा दिसतो, क्रेन त्यावर उभी राहते, आणि खालचे काही मीटर कायम भिजलेले असतात.

आता माल कसा टाकला होता ते पाहा. डबा कडेवर नेऊन उलटा करायचा, माल आपोआप घरंगळून बसेल तसा बसू द्यायचा. रोलर फिरवून दाबणं नाही, थर देणं नाही. असा माल पोकळ राहतो. मापात ओतलेले तांदूळ माप हलवल्यावर खाली बसतात, तसा हा पोकळ माल थोडा सरकला की दाटायला बघतो. तो कोरडा असेल तर कणांमधली हवा निघून जाते आणि माल घट्ट होतो. पण पोकळ्यांत पाणी भरलेलं असेल आणि माल बारीक असेल, तर ते पाणी तेवढ्या वेळात बाहेर पडू शकत नाही. मग वरचं वजन कणांऐवजी पाणी पेलतं. कण एकमेकांवर रेटून बसलेले असतात म्हणून त्यांच्यात घर्षण असतं. तो रेटा गेला की घर्षण गेलं, आणि हजारो घनमीटर घट्ट दिसणारा माल काही सेकंदांत पातळ होऊन वाहतो.

ॲबरव्हॅनला हे टप्प्याटप्प्याने झालं. आधी भिजलेला पायथा पुढे सरकला आणि माथा खचला. सरकण्यामुळे भिजलेला माल पातळ झाला आणि वाहू लागला. वाहताना त्याने खालचा चिकणमातीचा थर खरवडून काढला, आणि वालुकाश्मात कोंडलेलं पाणी मोकळं होऊन त्याच्या मागे आलं. सुमारे १ लाख ७ हजार घनमीटर माल उतारावरून जवळपास ६४० मीटर खाली गेला. दहा चाकी टिपरची एक खेप १० घनमीटर धरली, तर ही दहा हजारांहून अधिक खेपांची माती झाली. त्यातला सुमारे ३८ हजार घनमीटर माल जुना कालवा आणि रेल्वेचा भराव ओलांडून गावात शिरला. लाट २० ते ३० फूट उंच होती. भरावातल्या दोन मोठ्या जलवाहिन्याही फुटल्या, आणि त्यांचं पाणी साडेअकराच्या सुमारापर्यंत मालात मिसळत राहिलं.

थांबल्यावर पाणी निथळलं तसा हाच माल पुन्हा घट्ट झाला. खाणकामगार खाणीतून थेट वर येऊन फावड्यांनी आणि हातांनी उकरत होते. शिट्टी वाजली की सगळे थांबत, आतून आवाज येतो का ऐकत. अकरा वाजल्यानंतर एकही जण जिवंत निघाला नाही. वाहणाऱ्या खाणमातीत सापडलेल्यांना वाचवण्याची मुदत तासांत नाही, मिनिटांत मोजावी लागते. बचाव पथक कितीही तत्पर असलं तरी याला उपाय नाही.

पावसाला दोष देणं सोपं होतं. आधीच्या तीन आठवड्यांत तिथे साधारण साडेसहा इंच, म्हणजे १६५ मिलिमीटर पाऊस झाला होता, त्यातला जवळपास निम्मा शेवटच्या आठवड्यात. महाबळेश्वरला किंवा गोव्याच्या सत्तरीत जुलैमध्ये इतका पाऊस एका दिवसातही पडतो. पावसाने वेळ ठरवली असेल. ढिगारा घसरणार हे मात्र १९५८ मध्ये जागा निवडली तेव्हाच ठरलं होतं.

त्या सकाळचे दोन तास

साडेसातला ढिगाऱ्यावरची टोळी कामावर आली, तेव्हा माथा साधारण १० फूट खचलेला होता आणि क्रेनच्या रुळांचा काही भाग खड्ड्यात गेला होता. वरचा टेलिफोन चालू नव्हता, त्याची तार चोरीला गेली होती. एक माणूस निरोप घेऊन चालत खाणीवर गेला. आज तिथे माल टाकू नका, क्रेन मागे घ्या, पुढच्या आठवड्यात नवी जागा बघू, असा निरोप घेऊन तो परत आला. तोपर्यंत खच २० फुटांवर गेली होती. डोंगरावर ऊन होतं आणि खोऱ्यात दाट धुकं. वरच्या माणसांना गाव दिसत नव्हतं आणि गावाला ढिगारा. सव्वानऊला पायथा उचलला गेला आणि लाट निघाली. शाळेत नुकती हजेरी सुरू होती. दुसऱ्या दिवसापासून सहामाहीची सुट्टी लागणार होती.

चौकशी न्यायाधिकरणाने नंतर म्हटलं की टेलिफोन चालू असता तरी जीव वाचले नसते, कारण घसरण सुरू झाल्यापासून शाळेपर्यंत पोचायला लागलेला वेळ फार थोडा होता. ते बरोबर आहे, पण निरोप कुठे गेला हेही पाहिलं पाहिजे. तो खाणीवर गेला. वरच्या टोळीला ‘माथा १० फूट खचला तर खालची शाळा रिकामी करायची’ असं कुणी कधी सांगितलं नव्हतं. तसा नियम असता तर हाताशी पावणेदोन तास होते.

आधीचे इशारे

वेल्समध्ये ढिगारे पहिल्यांदाच घसरत होते असं मुळीच नाही. प्रा. जॉर्ज नॉक्स यांनी १९२७ मध्येच या खोऱ्यांतल्या घसरणींवर व्याख्यान देऊन सांगितलं होतं की निचऱ्यावर खर्च केला नाही तर घसरणींच्या रूपाने तो भरावा लागेल. डिसेंबर १९३९ मध्ये किल्व्हनिथ इथल्या अल्बियन खाणीचा सुमारे १ लाख ८० हजार टनांचा ढिगारा घसरून मुख्य रस्ता गाडला गेला. त्यानंतर खाण कंपनीने झऱ्यांपासून दूर राहा, निचरा करा, असं स्पष्ट टिपण तयार केलं. मार्च १९६५ मध्ये टी मौर खाणीत घसरण झाल्यावर तेच टिपण पुन्हा काढून सगळीकडे पाठवलं गेलं आणि तपासणीचे आदेश निघाले. ॲबरव्हॅनची तपासणी वरवरची झाली.

खुद्द सातव्या ढिगाऱ्यात नोव्हेंबर १९६३ मध्ये मोठी घसरण झाली होती. त्याच वर्षी मर्थरच्या नगर अभियंत्याने शाळेमागच्या गाळाचा धोका पत्रातून कळवला. १९६४ मध्ये नगरसेविका ग्वेनेथ विल्यम्स यांनी सभेत सांगितलं की ढिगारा हलला तर सगळी शाळा धोक्यात येईल. १९६५ मध्ये शाळेभोवती तुंबणाऱ्या पाण्याविरुद्ध आयांनी अर्ज दिला. या सगळ्याला मिळालेली उत्तरं चिखल आणि तुंबलेल्या पाण्यापुरती होती. पूर आणि घसरण हे एकाच पाण्याचे दोन परिणाम आहेत हे कुणी जोडून पाहिलं नाही. खाणीवर गावातल्या बहुतेक घरांचं पोट होतं, त्यामुळे फार ताणून धरणंही कठीण होतं.

चौकशी, पैसा आणि ढिगारे हटवणं

लॉर्ड जस्टिस एडमंड डेव्हिस यांच्या अध्यक्षतेखाली न्यायाधिकरण ७६ दिवस बसलं आणि १३६ साक्षीदार तपासले. कोळसा मंडळाचे अध्यक्ष लॉर्ड रोबेन्स यांनी सुरुवातीला जाहीरपणे सांगितलं होतं की ढिगाऱ्याखालचे झरे माहीत नव्हते. साक्षी-पुराव्यांत ते टिकलं नाही. ऑगस्ट १९६७ च्या अहवालाने दोष मंडळावर ठेवला आणि नऊ अधिकाऱ्यांची नावं वेगवेगळ्या प्रमाणात दोषी म्हणून घेतली. कुणावर खटला झाला नाही, कुणाची नोकरी गेली नाही. मंडळाने प्रत्येक मुलामागे ५०० पौंड दिले.

उरलेले ढिगारे गावावर तसेच होते. ते सुरक्षित आहेत, हटवायची गरज नाही, असं सरकारचं म्हणणं होतं. ज्या आई-बापांनी मुलं गमावली त्यांना रोज मान वर केली की तेच दिसत होतं. शेवटी १९६८ मध्ये लोकांनी कार्डिफच्या सरकारी कार्यालयात जाऊन खाणीचा गाळ ओतला, तेव्हा हटवण्याचा निर्णय झाला. पण त्यासाठी जगभरातून लोकांनी दिलेल्या मदतनिधीतून १ लाख ५० हजार पौंड घेतले गेले. ज्याने ढिगारा टाकला त्याने तो उचलावा, एवढी साधी गोष्ट पीडितांच्या पैशातून झाली. ही रक्कम १९९७ मध्ये परत केली गेली, तीही व्याजाशिवाय. २००७ मध्ये वेल्स सरकारने निधीला आणखी १५ लाख पौंड दिले. वाचलेल्या मुलांचा ३३ वर्षांनी अभ्यास झाला, तेव्हा त्यांतल्या २९ टक्क्यांना आघातोत्तर ताणाचा विकार अजूनही होता.

१९६९ मध्ये ब्रिटनमध्ये खाणींच्या ढिगाऱ्यांसाठी स्वतंत्र कायदा आला. त्याचा मुख्य भर चालू खाणींवर होता. बंद खाणींचे ढिगारे अर्धवट वाऱ्यावर राहिले. फेब्रुवारी २०२० च्या वादळात टायलर्सटाउनला जुना ढिगारा घसरला, तेव्हा हा प्रश्न पुन्हा उघडा पडला. मोजणी केली तर एकट्या वेल्समध्ये अडीच हजारांवर बंद कोळसा-ढिगारे निघाले. त्यांच्यासाठी वेगळा कायदा व्हायला २०२५ उजाडलं.

आपल्या ढिगाऱ्यांशी ताडून पाहताना

वणी-चंद्रपूर पट्ट्यात ‘ओबी’चे, म्हणजे कोळशावरून काढून टाकलेल्या माती-दगडाचे, डोंगर गावांच्या वेशीवर आहेत. गोव्यात डिचोली आणि सत्तरीत २०१२ आणि २०१८ च्या खाणबंदीनंतर कित्येक डंप, म्हणजे खाणमातीचे ढिगारे, उतारांवर तसेच उभे राहिले. तिथे वर जांभा असतो, तो पाणी गिळतो, आणि खाली चिकण थर. दोघांच्या सांध्यावर उताराला झरे फुटतात. म्हणजे मुख्य प्रश्न तोच: डंप कुठल्या झऱ्यावर बसला आहे?

भारतातल्या कोळसा खाणींच्या २०१७ च्या नियमावलीप्रमाणे डंपचा उतार ३७.५ अंशांहून जास्त नको, ३० मीटरपेक्षा उंच डंपला पायऱ्या हव्यात, कुठलीही पायरी ३० मीटरहून उंच नको, आणि एकूण उतार उभा १ ला आडवा १.५ यापेक्षा तीव्र नको. हे नियम आवश्यक आहेत. पण सातवा ढिगारा ३४ मीटरच होता, आपल्या हिशेबाने एका पायरीहून जेमतेम उंच. बुडात पाणी असेल तर उंची आणि कोन नियमात बसवून उपयोग होत नाही. पावसाळा नसला तरी धोका टळत नाही. झारखंडमधल्या राजमहल खाणीत डंप घसरून २३ कामगार गेले ते २९ डिसेंबर २०१६ ला.

गावाच्या बाजूने करता येण्यासारखी तपासणी अशी. नव्या डंपची जागा ठरण्याआधी भारतीय सर्वेक्षण विभागाचा जुना टोपोशीट, म्हणजे भूभागाचा तपशीलवार नकाशा, काढून त्यावरच्या ओढ्या-झऱ्यांच्या निळ्या रेघा बघा, आणि गावातल्या म्हाताऱ्या माणसांना घेऊन प्रत्यक्ष चाला. ही फेरी मे महिन्यात केली तर झरे आटलेले असतात, म्हणून सप्टेंबर-ऑक्टोबरमध्ये ती करायलाच हवी. मिळालेला प्रत्येक झरा, पाझर, ओलसर हिरवा पट्टा नकाशावर खूण करून ग्रामसभेच्या ठरावाला जोडा. ठरावात तो लिहिला गेला की ‘माहीत नव्हतं’ म्हणायला जागा राहत नाही. जागा बदलता येत नसेल तर आधी वरची माती आणि चिकण थर काढणं, झऱ्याचं पाणी दगडी निचऱ्याने किंवा पाइपने डंपच्या बाहेर नेणं, वरच्या अंगाला पाणी अडवणारा चर आणि पायथ्याला दगडी बांध, हा क्रम हवा. डंप उभा राहिल्यावर बुडातला निचरा करता येत नाही म्हटलं तरी चालेल.

उभ्या डंपवर माथ्याच्या भेगा बघा. भेगेच्या दोन्ही बाजूंना एकेक मीटरवर लोखंडी सळ्या ठोका, सळ्यांच्या टोकांमधलं अंतर रोज एकाच वेळी टेपने मोजून वहीत लिहा. अंतर वाढणं हा इशारा. रोजची वाढ आदल्या दिवशीच्या वाढीपेक्षा जास्त होत असेल तर खालची वस्ती त्याच दिवशी हलवायची, दुसऱ्या मताची वाट बघायची नाही. पायथ्याला फुगवटा, कलणारे खांब किंवा झाडं आणि निचऱ्याच्या पाण्याचा रंग रोज बघा. स्वच्छ येणारं पाणी गढूळ झालं तर आतली बारीक माती निघत आहे. भर पावसात वाहणारा पाझर एकाएकी थांबला तर ते अधिक वाईट. पाणी आत साठू लागलं असण्याची दाट शक्यता असते.

हाक कुणाला मारायची हे कागदावर असू द्या: डंपवरच्या माणसाकडे शाळेच्या मुख्याध्यापकांचा आणि सरपंचांचा थेट फोन क्रमांक हवा, खाण कार्यालयामार्फत नको. शाळा, अंगणवाडी आणि दवाखाना डंपपासून किती दूर आहेत हे मोजताना पायथ्यापासून उतारभर खाली, ओढ्याच्या वळणाने मोजा, कारण वाहणारा माल त्याच वाटेने येतो. शंभर-दोनशे मीटरवर मोजणी थांबवू नका. ॲबरव्हॅनचा माल ६४० मीटर गेला होता.